वाळूत धरलेला ट्रॅक्टर आणि आमचे १०८ दिवस

आमच्या पंचनाम्यात वाळू 'अंदाजे २ ब्रास' (एक ब्रास म्हणजे १०० घनफूट) असं लिहिलेलं होतं आणि त्या एका 'अंदाजे'मुळे वाळूचा दंड सरळ दुप्पट झाला होता, पण हे आम्हाला कळलं जप्तीनंतर महिन्याभराने. तोपर्यंत तो कागद घरात कोणी धड वाचलाच नव्हता. घडी करून अण्णांच्या म्हणजे वडिलांच्या खिशात, मग देवळीत, मग माझ्या बॅगेत. म्हणून सगळं सविस्तर लिहितोय, कारण आमच्या गोदाकाठच्या गावांमध्ये दर महिन्याला कोणाचा तरी ट्रॅक्टर नाहीतर हायवा (मोठा डंपर) धरला जातो आणि पहिल्या आठ दिवसात लोक नेमकं तेच करतात जे आम्ही केलं, म्हणजे दिसेल त्याच्या पाया पडतात आणि कागद कोणीच मागत नाही.

आधी खरं ते सांगून टाकतो. चूक आमची होती. आमच्या गल्लीतल्या एका काकूंचं घरकुल मंजूर झालेलं, जोतं झालं, भिंती वर आल्या, पुढच्या कामाला वाळू पाहिजे होती. लिलावाचा घाट आमच्या बाजूला त्या वर्षी चालू नव्हता आणि बाहेरून वाळू घ्यायची तर भाव ऐकूनच काकू गप्प बसायच्या. त्या अण्णांकडे आल्या, अण्णा म्हणले एक खेप आणून देऊ, डिझेल आणि गड्याची मजुरी तेवढी द्या. रॉयल्टीची पावती नाही हे अण्णांनाही माहीत होतं, मलाही माहीत होतं, गड्यालाही. घरकुलाची असो का बंगल्याची, पावतीशिवाय पात्रातून उचलली की कायद्याला ती सारखीच, आणि नदीलाही सारखीच.

११ मार्च २०२३, शनिवार. संध्याकाळी पावणेसातच्या सुमारास पात्रातून वर येणाऱ्या गाडरस्त्यावर महसूलचं पथक उभं होतं. मंडळ अधिकारी, दोन तलाठी, कोतवाल. आमचा गडी पळाला नाही, त्याने ट्रॅक्टर बंद केला आणि खाली उतरला. हे मी मुद्दाम सांगतोय, कारण अशा वेळी ट्रॅक्टर अंगावर घालायचे, ट्रॉली रस्त्यातच उलटी करून पळायचे प्रकार होतात, त्यात तलाठी लोकांचे हातपाय मोडलेत, जीवही गेलेत. ती पण कोणाची तरी लेकरंच आहेत. गड्याने शांतपणे चावी दिली आणि हीच गोष्ट पुढे कोर्टात आमच्या उपयोगी पडली.

पंचनामा तिथेच टॉर्चच्या उजेडात झाला. ट्रॅक्टरचा नंबर, ट्रॉलीचा रंग, वाळू अंदाजे २ ब्रास, पंच म्हणून दोघांच्या सह्या, खाली गड्याची सही. बॅटरी कोणती, टायर कसे, डिझेल किती, तासांचं मीटर किती दाखवतंय, काही नाही. ट्रॅक्टर तहसीलच्या आवारात नेऊन लावला आणि गडी रात्री दहाला एका मोटारसायकलवर मागे बसून घरी आला. आल्याबरोबर रडायला लागला. अण्णा त्याला एक शब्द बोलले नाहीत.

दुसऱ्या दिवशी रविवार, ऑफिस बंद. अण्णा तरी गेले, गेटातून ट्रॅक्टर बघून आले. सोमवारी आम्ही दोघं गेलो तर साहेब मिटिंगला. मंगळवारीही तेच. त्या दोन दिवसात एक माणूस भेटला, आवाराबाहेरच्या चहाच्या टपरीवर बसणारा, म्हणला ४० हजार द्या, मी मिटवतो, कागदावर काहीच येणार नाही. अण्णा जवळजवळ तयार झाले होते. घरात गव्हाची काढणी तोंडावर, मशीनमागे ट्रॉली लागणार, ४० हजार कुठूनतरी उभे केले असते. मी म्हणलो पावती मिळेल का, तो हसला आणि निघून गेला. नंतर कळलं की पंचनामा झाल्यावर, फोटो अपलोड झाल्यावर मिटवण्यासारखं काही राहतच नाही. शेजारच्या गावातल्या एकाने अशाच माणसाला पैसे दिले होते, ते पैसेही गेले आणि पुढे पूर्ण दंडही भरावा लागला.

आता कायदा काय सांगतो ते आमच्या वकीलसाहेबांनी मला कसं समजावलं ते सांगतो, हे मला १३ मार्चला माहीत असतं तर खूप फरक पडला असता. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६, तिचं कलम ४८. त्यातलं पोटकलम ७ वाळूबद्दल आणि पोटकलम ८ वाहनाबद्दल. या दोन वेगळ्या गोष्टी आहेत आणि नोटिशीत त्या एकत्र कालवलेल्या असतात. पोटकलम ७ मध्ये विनापरवाना काढलेल्या खनिजाच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड, वर रॉयल्टी वेगळी. 'पर्यंत' हा शब्द महत्वाचा, पाचपटच लावली पाहिजे असं नाही. पोटकलम ८ मध्ये वाहन, मशिनरी जप्त करायचा अधिकार तहसीलदार किंवा त्यांच्या वरच्या दर्जाच्या अधिकाऱ्याला, पण जप्त केल्यावर ४८ तासांच्या आत ते जिल्हाधिकाऱ्यांपुढे किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे ठेवायचं असतं, आणि वाहन सोडायचं का, किती दंडावर, किती रकमेच्या बंधपत्रावर, हे ठरवायचं त्यांनी. तहसीलदारांनी नाही. आपल्याकडे प्रांतसाहेब म्हणजे उपविभागीय अधिकारी हे उपजिल्हाधिकारी दर्जाचे, म्हणजे फाईल तिकडे जायला पाहिजे. औरंगाबाद आणि नागपूर खंडपीठानेही हे सांगितलेलं आहे की जप्ती तहसीलदार करू शकतात पण वाहनाच्या दंडाचा आदेश त्यांच्या हातातला नाही.

वाहनाच्या दंडाचे आकडेही ठरलेले आहेत, जानेवारी २०१८ च्या राजपत्रात आलेले. ट्रॅक्टर ट्रॉलीसह किंवा हाफ बॉडी ट्रक असेल तर १ लाख, फुल बॉडी ट्रक किंवा डंपर असेल तर २ लाख, मोटारबोट, बार्ज ५ लाख, जेसीबी-पोकलेनसारखं एक्स्कॅव्हेटर असेल तर साडेसात लाख. म्हणजे एक खेप मारून गड्याला आणि डिझेलला मिळणार दोन-अडीच हजार, आणि सापडला तर फक्त ट्रॅक्टर सोडवायला एक लाख. हा हिशोब आमच्या घरात त्या दिवसापर्यंत कोणी मांडला नव्हता.

आमच्या बाबतीत ४८ तासांत फाईल प्रांताकडे गेलीच नाही. १६ मार्चला उलट पोलीस स्टेशनहून फोन आला. तलाठ्यांच्या फिर्यादीवरून गुन्हा दाखल, भादंवि कलम ३७९ म्हणजे चोरी, आरोपी नंबर एक गडी, नंबर दोन अण्णा, कारण ट्रॅक्टर अण्णांच्या नावावर. अण्णांचं वय तेव्हा ६४. आयुष्यात कधी ठाण्याची पायरी चढले नव्हते. चोरी हा शब्द त्यांना फार लागला. मला म्हणले, मी कोणाच्या बांधावरची काडी उचलली नाही आणि माझ्या नावापुढे चोरी. मी काय बोलणार, नदीतली वाळू सरकारची मालमत्ता, परवानगीशिवाय नेली तर चोरी होते हे सुप्रीम कोर्टाने २०१४ लाच दिल्लीच्या एका प्रकरणात स्पष्ट केलंय, की खाणकायद्याचा गुन्हा वेगळा आणि चोरीचा वेगळा, एकामुळे दुसरा अडत नाही. पोलिसांनी अटक केली नाही, ४१-अ ची म्हणजे चौकशीला हजर राहायची नोटीस देऊन जबाब घेतले, तेवढं बरं झालं. गडी पळाला नव्हता, ओळखपत्र वगैरे सगळं तिथेच दिलं होतं, त्याचा उपयोग झाला तो इथे आणि नंतर कोर्टात.

२२ मार्चला पाडवा. आमच्याकडे पाडव्याला सालगड्याचं साल संपतं, हिशोब होतो आणि नवं साल ठरतं. आमच्या गड्याने हिशोबाचे पैसे घेतलेच नाहीत. दंडात घाला म्हणला. अण्णांनी त्याच्या हातात जबरदस्तीने ठेवले आणि सांगितलं, मी पाठवला म्हणून तू गेलास, तुझा पैसा तुझ्याकडे, आणि पुढचं साल पण इथेच. त्या दिवशी दारात ट्रॅक्टरची जागा मोकळी होती आणि आईने तरी तिथे सडा टाकला.

कारणे दाखवा नोटीस मात्र २० तारखेलाच आली होती, तीन दिवसात खुलासा द्या अशी. आम्ही काय केलं, साध्या कागदावर 'चूक झाली, माफी असावी, ट्रॅक्टर सोडावा' असं लिहून अण्णांच्या सहीने दिलं. वकीलसाहेबांनी नंतर हा कागद वाचून डोक्याला हात लावला. माफी मागायला हरकत नाही पण त्यात वाळू किती होती ते लिहायला पाहिजे होतं, पंचनाम्यातला आकडा मान्य नाही हे लिहायला पाहिजे होतं, सुनावणी मागायला पाहिजे होती. आम्ही यातलं काहीच लिहिलं नाही. ३१ मार्चला आदेश निघाला, मार्च एंड, वसुलीचं टार्गेट. आदेशात बाजारभाव ५ हजार रुपये ब्रास धरलेला, २ ब्रासचे १० हजार, पाचपट म्हणजे ५० हजार, रॉयल्टी ६०० प्रमाणे १,२००, आणि वाहनाचे १ लाख. एकूण १,५१,२००. सात दिवसात भरा नाहीतर जमीन महसुलाची थकबाकी म्हणून वसूल करू, ७/१२ वर बोजा चढवू. सही तहसीलदारांची.

बोजा या शब्दाने अण्णांची झोप गेली. साडेतीन एकर जमीन, त्यावर आधीच सोसायटीचं कर्ज. वर ट्रॅक्टरचा फायनान्सचा सहामाही हप्ता एप्रिलमध्ये. ट्रॅक्टर बंद, भाडं बंद, हप्ता मात्र चालू, फायनान्सवाले रोज फोन करायचे आणि त्यांना सांगायचं तरी काय, की तुमची गाडी तहसीलमध्ये उन्हात उभी आहे.

१० एप्रिलला आम्ही तालुक्याच्या वकिलांकडे गेलो, आमच्या भावकीतल्या एकाने नाव सांगितलं. त्यांनी पहिली गोष्ट केली ती म्हणजे सगळे कागद टेबलवर पसरायला लावले आणि मोठ्याने वाचायला लावले, मला, अण्णांसमोर. २ ब्रास वर आले तसे थांबले. तुमच्या ट्रॉलीचं माप किती? अण्णा म्हणले दहा बाय सहा, फाळक्याची उंची दीड फूट. साहेबांनी तिथेच कागदावर गुणाकार केला. १० गुणिले ६ गुणिले दीड, ९० घनफूट. एक ब्रास म्हणजे १०० घनफूट. काठोकाठ भरली तरी एक ब्रास पूर्ण होत नाही, वर ढीग धरला तर एक, फार तर थोडी जास्त. आणि एक ब्रास वाळूचं वजन साडेचार टनाच्या आसपास, दोन ब्रास म्हणजे नऊ टन, ते या ट्रॉलीने चढावरून ओढून आणलं असं लिहिलंय. अण्णा ३० वर्षं ट्रॅक्टर चालवतात, त्यांना हे झोपेतसुद्धा माहीत, पण कागदावर सरकारी माणसाने लिहिलं म्हणजे तेच खरं असं धरून ते बसले होते. मीही.

दुसरी गोष्ट, आदेशात वाहनाचा दंड तहसीलदारांनी लावला होता, तो अधिकार प्रांतांचा. तिसरी, ४८ तासांत वाहन त्यांच्यापुढे ठेवल्याची नोंद फाईलला नाही. वकीलसाहेब म्हणले दोन वाटांनी जायचं. एक अपील, कलम २४७ खाली प्रांताकडे, त्याला मुदत ६० दिवस, आणि त्यासोबत कलम २५६ चा स्थगितीचा अर्ज, म्हणजे बोजा चढणार नाही. दुसरी वाट फौजदारी कोर्ट, कारण गुन्हा दाखल झाल्याने ट्रॅक्टर आता पोलिसांचा मुद्देमालही आहे. नुसता महसूलचा दंड भरून आलात तर पोलिस म्हणतील कोर्टाचा आदेश आणा, नुसता कोर्टाचा आणलात तर तहसील म्हणेल दंड भरा. हायकोर्टात रिट करता येतं का विचारलं तर म्हणले येतं, पण अपिलाची सोय असताना आधी तिकडे जा, आणि संभाजीनगरच्या फेऱ्या आणि फी तुम्हाला झेपायची नाही. हे त्यांनी स्वतःची फी कमी होत असताना सांगितलं, म्हणून मला त्यांच्यावर विश्वास बसला.

१७ एप्रिलला अपील दाखल केलं. आदेशाची सहीशिक्क्याची नक्कल, पंचनाम्याची नक्कल, आरसी, विमा, ट्रॉलीचे मापासकट फोटो. नक्कल काढायला अर्ज द्यायचा, तिकीट लावायचं, आणि पोच घ्यायची. पोच घेतल्याशिवाय कुठलाही कागद देऊ नका, आमचा पहिला खुलासा फाईलला सापडतच नव्हता, आमच्याकडच्या पोचमुळे तो सापडला. विम्याची एक अडचण निघाली, तो फेब्रुवारीतच संपला होता, उभ्या ट्रॅक्टरचा विमा काढायला लागला, त्याशिवाय कोर्ट सोडत नाही.

२४ एप्रिलला प्रथमवर्ग न्यायदंडाधिकारी साहेबांच्या कोर्टात ताबा मिळण्याचा अर्ज, तेव्हाच्या सीआरपीसीचं म्हणजे फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम ४५७. आता १ जुलै २०२४ पासून तिच्या जागी बीएनएसएस आलंय, त्यात तेच कलम ५०३ आहे आणि खटला चालू असतानाच्या ताब्याचं जुनं ४५१ म्हणजे ४९७, चोरीचं ३७९ आता भारतीय न्याय संहितेत ३०३(२). अर्जात मुख्य आधार सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य, सुप्रीम कोर्टाचा २००२ चा निकाल. आमच्या वकिलांच्या भाषेत सांगायचं तर तो निकाल गाडीवाल्यांची सातबारा आहे. जप्त वाहनं पोलीस स्टेशनच्या आवारात वर्षानुवर्षं सडत ठेवण्यात कोणाचाच फायदा नाही, फोटो काढा, सविस्तर पंचनामा करा, बंधपत्र घ्या आणि लवकर मालकाच्या ताब्यात द्या, असं त्यात आहे. पोलिसांचा से म्हणजे लेखी म्हणणं आलं, 'ट्रॅक्टर पुन्हा गुन्ह्यात वापरण्याची शक्यता, अर्ज फेटाळावा'. आमच्या बाजूने वकीलसाहेब एवढंच बोलले की पहिलाच गुन्हा आहे, चालक जागेवर थांबला, मालकाची शेती आहे, नांगरटीचे दिवस आहेत. १२ मे ला आदेश झाला. ५ लाखांचा सुपूर्दनामा (ताबा देताना लिहून घेतलेलं बंधपत्र), ट्रॅक्टर विकायचा नाही, रंग-रूप बदलायचं नाही, कोर्ट म्हणेल तेव्हा हजर करायचा, पुन्हा अशा कामाला वापरायचा नाही, आणि एक ओळ, महसूल विभागाच्या कारवाईला बाधा न येता.

त्या एका ओळीवर ट्रॅक्टर अजून महिना-दीड महिना अडकला. आम्ही आदेश घेऊन तहसीलला गेलो, क्लार्कने वाचला आणि तीच ओळ बोटाने दाखवली. आधी दंड. मी भांडलो, खरंतर ओरडलोच, अण्णांनी हात धरून बाहेर आणलं. त्याच दिवशी मी पहिल्यांदा ट्रॅक्टर जवळ जाऊन पाहिला. पुढचा एक टायर बसलेला, बॅटरीची जागा रिकामी, नुसत्या दोन वायरी लोंबत होत्या. सीटच्या रेक्झिनला उन्हाने भेगा. ट्रॉलीतल्या वाळूवर कोणीतरी बसून जेवलं होतं, पत्रावळी पडलेल्या. बॅटरी कोणी नेली, कोणालाच माहीत नाही, आणि पंचनाम्यात बॅटरीचा उल्लेखच नाही म्हणल्यावर ती होती हे आम्ही सिद्ध करणार कसं. म्हणून सांगतो, वाहन धरलं त्याच रात्री किंवा दुसऱ्या दिवशी सकाळी जाऊन चारी बाजूंनी, इंजिन, बॅटरी, टायर, मीटर सगळ्याचे फोटो काढा, तारखेसकट, आणि या वस्तू वाहनावर आहेत असा साधा अर्ज देऊन पोच घ्या. कोणी अडवत नाही. आम्हाला सुचलं नाही, दुसरं काही नाही.

प्रांत ऑफिसला स्थगिती सुनावणीच्या दुसऱ्या तारखेला मिळाली, म्हणजे बोज्याची भीती गेली. मग आम्ही अर्ज दिला की वाळू अजून ट्रॉलीत जशीच्या तशी आहे, मोजून घ्या. हा अर्ज सगळ्यात कामाचा ठरला. वाळू उतरवून घेतली असती, लिलावात गेली असती तर मोजायला काहीच उरलं नसतं. २९ मे ला दुसऱ्या मंडळाचे सर्कल म्हणजे मंडळ अधिकारी आले, टेप लावला, लांबी, रुंदी, वाळूची उंची चार ठिकाणी. एक ब्रासला किंचित कमी भरली, कागदावर १ ब्रास लिहिली. ते सर्कल तरुण होते, मोजून झाल्यावर अण्णांना म्हणले, बाबा, रात्री त्या पात्रात आम्हाला टेप काढायला कोणी वेळ देत नाही, लोक दगड मारतात. खोटं बोलत नव्हते ते. मला तेव्हा पहिल्यांदा त्या पथकाच्या जागेवर स्वतःला ठेवून बघावंसं वाटलं, चार माणसं, एक टॉर्च, आणि समोरून येणारा ट्रॅक्टर थांबेल की नाही हे माहीत नाही. तरीपण अंदाजाने लिहिलेल्या आकड्यावर एखाद्याचं २५ हजारांचं ओझं वाढतं, तेव्हा आवारात आणल्यावर सकाळी उजेडात मोजायला काय हरकत आहे. एवढी एक सवय लावली तरी निम्मी अपिलं होणार नाहीत असं मला वाटतं.

१९ जूनला प्रांतसाहेबांचा आदेश झाला. तहसीलदारांच्या आदेशातला वाहनाच्या दंडाचा भाग रद्द, कारण अधिकार नव्हता. वाळू १ ब्रास धरून पाचपट २५ हजार आणि रॉयल्टी ६००. पण त्याच आदेशात, स्वतः सक्षम अधिकारी म्हणून, वाहन सोडायला नियमाप्रमाणे १ लाख आणि ट्रॅक्टरच्या किमतीएवढं वैयक्तिक बंधपत्र. म्हणजे १,२५,६००. अण्णा म्हणले मग रद्द काय झालं. मी त्यांना समजावलं की रद्द झालं ते बरोबर झालं, आता ज्याने ठरवायचं त्याने ठरवलं, आणि पावती नसताना वाळू आणली हे तर आपण कुठेच नाकारलेलं नाही. कोणी जर सांगत असेल की ४८ तास उलटले म्हणजे दंडच माफ, तर आमच्या बाबतीत तसं झालं नाही. मुद्दा उपयोगी पडतो, आदेश रद्द होतो, पण फाईल योग्य अधिकाऱ्याकडे फिरून परत येते. आम्ही त्याविरुद्ध वर जाऊ शकत होतो, गेलो नाही. पेरणीचे दिवस होते.

पैसे कसे उभे केले ते लिहित नाही, आईची पोत गेली एवढंच. २२ जूनला ग्रासवर म्हणजे सरकारी पैसे भरायच्या वेबसाईटवर ऑनलाईन चलन भरलं, रोख कोणाच्या हातात दिली नाही. बंधपत्र नोटरी करून दिलं, तहसीलचं सुटकेचं पत्र, पोलिसांची एनओसी, कोर्टाचा सुपूर्दनामा, असं सगळं जुळून यायला अजून पाच दिवस. २७ जून, मंगळवार, दोन दिवसांवर आषाढी. त्या वर्षी पाऊस लांबला होता आणि आमच्याकडे नुकतेच दोन सरी पडून गेलेल्या. नवी बॅटरी मी मोटारसायकलवर मांडीवर धरून नेली. वाळू आवारातच उतरवून घेतली, ती सरकारजमा. ताबा पावतीवर सही करण्याआधी यावेळी मी त्यावर एक एक लिहिलं, एक टायर पंक्चर, बॅटरी नाही, टूलबॉक्स रिकामा, आणि मगच अण्णांना सही करू दिली. गड्याने हॅन्डल हातात घेतलं आणि अण्णा पूर्ण रस्ताभर ट्रॉलीत उभे राहून आले, साठी ओलांडलेला माणूस.

१०८ दिवस. दंड १,२५,६००, वकील २५ हजार, बॅटरी-टायर-विमा मिळून वीस एक हजार, हप्ता चुकला त्याचं व्याज वेगळं, आणि नांगरट दुसऱ्याच्या ट्रॅक्टरने भाड्याने करून घेतली ते वेगळं.

काकूंचं मला सांगायलाच पाहिजे. जप्तीच्या तिसऱ्या दिवशी त्या पाच हजार रुपये पदरात बांधून आल्या, बचत गटातून उचलून. अण्णांनी घेतले नाहीत. त्यांचं घर पुढे दिवाळीनंतर पूर्ण झालं, क्रश सँड वापरून. आता २०२५ च्या वाळू धोरणात घरकुलाला ५ ब्रासपर्यंत वाळू मोफत आहे, पंचायत समितीची यादी आणि तहसीलमधून पास घेऊन. आता माझ्याकडे जो कोणी घरकुलासाठी एक खेप मागायला येतो त्याला मी आधी त्या अर्जाचं सांगतो, अर्ज स्वतः भरून देतो, पण ट्रॅक्टर ई-टीपी म्हणजे ऑनलाईन वाहतूक पास असल्याशिवाय पात्रात उतरत नाही. याचं कारण फक्त दंड नाही. आमच्या शिवारातल्या नदीकडच्या विहिरींना मी लहान असताना मे महिन्यातही पाणी असायचं, वाळू स्पंजासारखं पाणी धरून ठेवायची. केन्या (वाळू ओढायची अवजारं) लावून लावून तिथे आता काळी माती आणि खडक उघडा पडलाय, डोहासारखे खड्डे झालेत ज्यात जनावरं बुडतात, आणि जायकवाडीतून पाणी सुटलं तरी ते चार दिवसात वाहून जातं. मोठ्या गाड्यांनी जास्त नेलं हे खरं आहे, पण आमच्या एकेका खेपेचं पण त्यात आहे.

दंड भरला म्हणजे केस संपली असं लोक धरतात, तसं नसतं. महसूलचा दंड हा महसूलचा. खाणकायद्याखालचा गुन्हा तडजोडीने मिटू शकतो पण चोरीचा गुन्हा त्याने मिटत नाही, सुप्रीम कोर्टाने २०२० मध्ये मध्य प्रदेशातल्या प्रकरणात हे सांगितलेलं आहे. आमचं दोषारोपपत्र दाखल झालंय, गडी आणि अण्णा दोघं जामिनावर, तारखा पडतात. पंचांपैकी एकजण अजून साक्षीला आलेला नाही. अण्णांच्या गुडघ्यांनी आता क्लच दाबवत नाही, त्यांना ट्रॅक्टर विकून कर्ज मोकळं करायचंय, एक गिऱ्हाईक चांगल्या किमतीला घरी येऊनही गेलं, पण सुपूर्दनाम्यात विकायचा नाही असं लिहिलंय, कोर्टाची परवानगी मागायचा अर्ज वकीलसाहेबांनी टाकलाय आणि त्याच्यावर सरकारी वकिलांचा से यायचाय.